20 लाखाचं लोन घेतलं तर घर शेवटी पडतं कितीला?

भाऊ, तुमचा प्रश्न दोनदा वाचला. तुम्ही दिग्रसकडच्या जिल्हा परिषद शाळेवर शिक्षक, वय 32, दारव्ह्याला प्लॉट घेऊन ठेवलाय, बांधकामाला 20 लाख लोन पाहिजे. एजंट म्हणतो सर 30 वर्षांचं घ्या, दर साडेआठ टक्के, हप्ता फक्त 15,378, आत्ताच्या भाड्यापेक्षा थोडं जास्त भरायचं आन् घर स्वतःचं. आणि तुमचे वडील म्हणतात एवढं व्याज कोणी भरते का, वावर विकू पण गहाण नको. आता दोघांपैकी बरोबर कोण, असं तुम्ही विचारलं.

दोघंही अर्धे अर्धे बरोबर आहेत. मी 26 वर्षं बँकेत काढली, त्यातली बहुतेक यवतमाळ, वाशिम, वर्धा ह्या तीन जिल्ह्यांतल्या तालुक्याच्या शाखांमध्ये, आणि लोनचाच टेबल जास्त वेळ माझ्याकडे होता. त्यामुळं जे सांगतो ते टेबलाच्या त्या बाजूनं बसून पाहिलेलं सांगतो.

आधी सरळ आकडे. 20 लाख, साडेआठ टक्के, दर बदलत नाही असं हिशेबापुरतं धरू. 30 वर्षं घेतलं तर हप्ता 15,378 आणि एकूण भरणा 55 लाख 36 हजार. 20 वर्षं घेतलं तर हप्ता 17,356, एकूण 41 लाख 66 हजार. 15 वर्षं घेतलं तर हप्ता 19,695 आणि एकूण 35 लाख 45 हजार. म्हणजे एजंटचं ऐकून तुम्ही 20 वर्षंवाल्यापेक्षा महिन्याला 1,978 रुपये वाचवता आणि त्या बदल्यात 13 लाख 70 हजार जास्त भरता. एजंट खोटं बोलला नाही, त्यानं फक्त एकच आकडा सांगितला, जो तुमच्या पगारातून दिसतो तो.

आणि अजून एक, हे एजंटनं नक्कीच काढलं नसणार. तुम्ही 32 चे, रिटायरमेंट 58 ला. 30 वर्षांचं लोन 62 ला संपते. 58 ला ज्या दिवशी शाळेत तुमचा शाल-श्रीफळ देऊन निरोपसमारंभ होईल त्या दिवशी लोन खात्यात 6 लाख 24 हजार बाकी असतील. तुम्ही 2005 नंतर लागलेले, जुनी पेन्शन नाही. मग ते सहा लाख जातील निवृत्तीच्या पैशातून. बऱ्याच बँका नोकरदाराला रिटायरमेंटच्या पुढची मुदत देतच नाहीत, काही फायनान्सवाले मात्र देतात, आणि हे फार सोयीचं आहे म्हणून सांगतात.

आता हे होतं कसं ते एकदा नीट समजून घ्या, कारण शिकलेल्या माणसालाही हे माहीत नसतं आणि इथंच सगळा खेळ आहे. बँक व्याज काढते बाकी मुद्दलावर. पहिल्या महिन्यात बाकी आहे पूर्ण 20 लाख, त्याचं साडेआठ टक्क्यानं एका महिन्याचं व्याज 14,167. तुम्ही 20 वर्षंवाला 17,356 चा हप्ता भरला, त्यातून 14,167 गेले व्याजात, मुद्दलात पडले 3,190. 30 वर्षंवाल्यात तर मुद्दलात पडतात फक्त 1,211, म्हणजे पंधरा हजार भरून बाराशे रुपये फिटले. पुढच्या महिन्यात मुद्दल थोडं कमी म्हणून व्याज थोडं कमी, असं ते मुंगीच्या पावलानं सरकत जाते आणि शेवटच्या वर्षांमध्ये धडाधड फिटते.

आर्णीला असतानाची गोष्ट सांगतो. एसटीतले एक कंडक्टर होते, माणूस एकदम वेळेचा, पाच वर्षांत एक हप्ता चुकला नाही. त्यांनी रोडलगतचा एक तुकडा विकला आणि लोन बंद करायला आले, पिशवीत पासबुक, एक वही, वहीत प्रत्येक हप्ता तारखेसह लिहिलेला. घरून हिशेब करूनच आले होते, इतके हप्ते भरले, म्हणजे एवढे राहिले. आकडे तुमच्या लोनमध्ये बसवून सांगतो म्हणजे कळेल. समजा 20 वर्षांचे 20 लाख होते, 60 हप्त्यांत 10 लाख 41 हजार भरले, त्यांचा हिशेब असा की साडेनऊ-दहा लाख राहिले असतील, थोडं व्याज धरून बारा पकडू. मी स्क्रीनवर पाहून बाकी सांगितली, साडेसतरा लाखाच्या वर. ते काही बोललेच नाहीत दोन मिनिटं. मग चष्मा काढून टेबलावर ठेवला आणि म्हणे, "सायेब, हप्ता त एकबी चुकवला नाही मी, मंग माहे पैशे गेले कोठी?" मी त्यांच्याच वहीत प्रत्येक हप्त्यासमोर दोन रकाने आखून दिले, व्याज किती, मुद्दल किती. पहिल्या पानाची बेरीज करून झाली तेव्हा त्यांनीच वही मिटवली.

बँकेनं त्यांना फसवलं नव्हतं. सँक्शन लेटरसोबत तक्ता दिलेला असतो, पण तो कोणी वाचत नाही, आणि खरं सांगायचं तर आम्हीपण वाचून दाखवत नव्हतो, बाहेर पीककर्जाची लाईन लागलेली असायची. 20 वर्षांच्या लोनमध्ये 10 वर्षं झाली, अर्धी मुदत गेली, तरी 20 पैकी 14 लाख बाकी असतात. हा 14 चा आकडा लक्षात ठेवला तर बाकी सगळं विसरलं तरी चालेल.

बरं हे झालं दर न बदलता. आता दर बदलतो तेव्हा काय होते ते बघा. बँकांचे 1 ऑक्टोबर 2019 नंतरचे फ्लोटिंग होम लोन, म्हणजे दर वरखाली होणारे, बाहेरच्या एका दराला (बेंचमार्कला) बांधलेले आहेत, बहुतेकांचे रेपो दराला, म्हणजे रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दरानं पैसे देते त्याला. मे 2022 ला रेपो 4 टक्के होता, फेब्रुवारी 2023 पर्यंत साडेसहा झाला. नऊ महिन्यात अडीच टक्के! 2021 मध्ये सात टक्क्याच्या आसपास ज्यांनी लोन घेतलं ते सगळे खुश होते, आणि हप्ता वाढला नाही म्हणून नंतरही खुशच राहिले, कारण हप्ता तोच होता पण मुदत वाढत होती.

हिशेब करा. 20 लाख, 7 टक्के, 20 वर्षं, हप्ता 15,506. एक वर्ष भरल्यावर बाकी 19 लाख 52 हजार. आता सोपं व्हावं म्हणून दर एकदम साडेनऊ झाला असं धरा, तर महिन्याचं नुसतं व्याज होते 15,457. तुमचा हप्ता 15,506. मुद्दलात गेले 49 रुपये. पन्नासचा एक चहा-पोह्याचा नाश्ता झाला तेवढं तुमचं 19 लाखाचं कर्ज त्या महिन्यात फिटलं. असं चाललं तर नातवाच्या लग्नापर्यंत फिटणार नाही, म्हणून बँकेला हप्ता वाढवावाच लागतो, पण जितकं ताणता येईल तितकं आधी मुदतीवर ताणतात, कारण हप्ता वाढला की माणूस शाखेत येऊन बोंबलतो आणि मुदत वाढली की त्याला पत्ताच लागत नाही. मेसेज आलेला असतो मोबाईलवर, पण तो ऑफरच्या मेसेजमध्ये दबून जातो.

ह्यावरच रिझर्व्ह बँकेनं 18 ऑगस्ट 2023 ला सर्क्युलर काढलं. दर वाढला तर बँकेनं तुम्हाला विचारलं पाहिजे, हप्ता वाढवता का मुदत वाढवता का दोन्ही थोडं थोडं, शिवाय बँकेनं ठेवला असेल तर फिक्स दराकडे जायचा पर्याय, आणि मध्ये पैसे भरून मुद्दल कमी करायची सोय. तेव्हा दर वाढला की लेखी अर्ज द्या, मुदत तशीच ठेवा आणि हप्ता वाढवा. आणि दर उतरला की, 2025 मध्ये फेब्रुवारी ते जूनमध्ये रेपो साडेसहाचा साडेपाच झाला तसा, तेव्हा हप्ता कमी करून घेऊ नका. जुना हप्ता चालू ठेवा, आपोआप मुदत गळते. हप्ता कमी झाला की त्या वाचलेल्या बाराशे-तेराशे रुपयांचं काय होते हे तुम्हाला माहीत आहे आणि मलाही, डीटीएचचा रिचार्ज आणि पेट्रोल.

फायनान्स कंपन्यांची गोष्ट वेगळी आहे, त्यांना रेपोला बांधायचं बंधन नाही, ते स्वतःचा दर स्वतः ठरवतात, वाढवताना लवकर आणि कमी करताना सावकाश. माझा साळा असाच एका फायनान्सकडे अडकला, नाव घेत नाही. नवीन गिऱ्हाईकाला नऊ आणि ह्याला पावणेअकरा, दोघांचं लोन सारखंच. विचारायला गेला तर म्हणे कन्व्हर्जन फी (दर बदलून घ्यायची फी) भरा मग करून देतो. भरली, आणि भरायलाच पाहिजे होती, पाच-सात हजारात दीड टक्का उतरत असेल तर विचार कसला करता. पण तीन वर्षं त्यानं विचारलंच नव्हतं.

तुम्ही पगारदार आहात, प्लॉट एनए (बिगरशेती) लेआऊटमधला दिसतो, म्हणून तुम्हाला सरकारी बँक कमी दरानं देईल. पण हे वाचणारे बाकीचे गावातले असतील त्यांच्यासाठी लिहितो. गावठाणातलं घर, कागद म्हणून ग्रामपंचायतीचा नमुना 8 आणि बापाच्या नावाची पावती, हिस्सेवाटणी झालेली नाही, अशा जागेवर बँकेचा वकील सर्च रिपोर्टमध्येच (मालकीच्या तपासणीत) हात वर करतो. काही ठिकाणी वर्ग 2 ची जमीन (सरकारच्या परवानगीशिवाय विकता येत नाही ती), तालुक्याच्या गावात नझूलची (सरकारी मालकीची) जागा, तिथं परवानगीची भानगड. 2020 पासून स्वामित्व योजनेत ड्रोननं गावठाणं मोजून मालमत्ता पत्रकं देणं सुरू झालं त्यानं थोडा फरक पडतोय, पण अजूनही असा माणूस शेवटी छोट्या हाउसिंग फायनान्सकडे जातो आणि तिथं 13 टक्के लागतात. 10 लाख, 15 वर्षं, 13 टक्के म्हणजे हप्ता 12,652 आणि एकूण 22 लाख 77 हजार. तेच साडेआठनं 9,847 आणि एकूण 17 लाख 73 हजार. पाच लाखाचा फरक, आणि तो फरक निव्वळ कागदाचा आहे. म्हणून मी लोकांना म्हणतो बाप्पा, आधी सहा महिने तलाठ्याकडे, भूमिअभिलेखला चकरा मारा, फेरफार करून घ्या, भावाचं संमतीपत्र घ्या, मग लोनचं बघा. लोकं उलटं करतात, मिस्त्रीला विसार देऊन बसतात आणि मग जो देईल त्याच्याकडून घेतात.

एक जाता जाता, कोणी "फ्लॅट 7 टक्के" म्हणलं तर उठून या तिथून. फ्लॅट म्हणजे शेवटपर्यंत पूर्ण रकमेवर व्याज. 10 लाख, 10 वर्षं, फ्लॅट 7 म्हणजे 7 लाख व्याज, आणि आपल्या नेहमीच्या पद्धतीनं तो दर पडतो पावणेबाराच्या जवळपास.

आता वरवरचे खर्च. प्रोसेसिंग फी आणि त्यावर 18 टक्के जीएसटी, वकिलाची फी, व्हॅल्युअरची फी, मॉर्गेजची स्टॅम्प ड्युटी, नोटीस ऑफ इंटिमेशनचं ऑनलाईन फाईलिंग (गहाणाची सरकारकडं नोंद), हे सगळं मिळून काही हजार जातात, चालते, एकदाच आहे. खरा मार बसतो इन्शुरन्सचा. सँक्शनच्या दिवशी समोरचा म्हणेल सर हा लोन सुरक्षा विमा, 80 हजार, तुमच्या खिशातून काही द्यायचं नाही, लोनमध्येच जोडून देतो. हे वाक्य ऐकलं की सावध व्हा. 80 हजार लोनमध्ये जोडले म्हणजे त्याच्यावर 20 वर्षं साडेआठ टक्के व्याज, महिन्याचे 694, एकूण 1 लाख 66 हजार. विमा वाईट नाही, तुमच्यासारख्या एकट्या कमावत्या माणसाला विमा पाहिजेच, पण तो बाहेरून साधा टर्म प्लॅन घ्या, दरवर्षी हप्ता भरायचा, लोन लवकर फिटलं तरी विमा राहतो. बँकेच्याच कंपनीचा घेतला नाही तर लोन होणार नाही असं कोणी म्हणत असेल तर त्याला म्हणा, हे लेखी द्या. देणार नाही. मीपण टार्गेटच्या दिवसात काहींच्या गळ्यात अशा पॉलिस्या घातल्या आहेत, मार्च महिन्यात वरून फोनवर फोन यायचे, ते आज सांगायला लाज वाटते पण सांगतो.

1 ऑक्टोबर 2024 पासून प्रत्येक रिटेल लोनला केएफएस (की फॅक्ट स्टेटमेंट) देणं बंधनकारक आहे, म्हणजे लोनच्या सगळ्या मुख्य गोष्टींचा एक कागद. त्यात एपीआर म्हणून एक टक्केवारी असते, व्याज अधिक फी अधिक विमा वगैरे सगळं पकडून खरा वार्षिक दर. एजंट साडेआठ म्हणेल आणि एपीआर पावणेनऊ-नऊ निघेल. दोन बँका तोलायच्या असतील तर एपीआर समोरासमोर ठेवा, जाहिरातीतला दर नको. आणि त्या कागदात जो चार्ज लिहिलेला नाही तो नंतर तुमच्या परवानगीशिवाय लावता येत नाही. इंग्रजीत दिला तर मराठीत मागा, तुम्हाला समजते त्या भाषेत देणं त्यांचं काम आहे.

बांधकामाच्या लोनमध्ये अजून एक गळती आहे. पैसे एकदम मिळत नाहीत, प्लिंथ झाली की एवढे, स्लॅब पडला की एवढे, प्लास्टरला एवढे, प्रत्येक वेळी इंजिनियर येऊन फोटो काढणार. जेवढे उचलले तेवढ्यावर व्याज सुरू, आणि ते नुसतं व्याज, मुद्दल एक रुपयाही फिटत नाही. आपल्याकडं काय होतं, उन्हाळ्यात काम सुरू होते, जूनमध्ये मजूर पेरणीला गावाकडं जातात, मग पोळ्यापर्यंत काम ठप्प, मग दिवाळी, मग कापूस वेचणीला सगळ्या बाया-माणसं वावरात. सहा महिन्यांचं काम चौदा महिने चालते. समजा सरासरी 12 लाख उचललेले आहेत, महिन्याचं व्याज साडेआठ हजार, वरून तुमचं भाड्याचं घर चालूच. आठ महिने जास्त लागले म्हणजे 68 हजार गेले आणि हिशेबात कुठंच दिसले नाहीत. त्यामुळं दिवाळी झाली की लगेच सुरू करा, वेचणीची अडचण धरूनही जूनच्या आत बराच वेळ मिळतो, पाणी मुबलक असते, आणि मिस्त्रीसोबत स्लॅबची तारीख लेखी ठरवा.

आता तुम्ही विचारलेला दुसरा भाग, मधून मधून जास्त भरले तर किती फायदा. इथं मी जरा जास्त लिहितो कारण तुमच्या हातात असलेली हीच एक गोष्ट आहे. व्यक्तीच्या नावावरच्या फ्लोटिंग होम लोनवर आधी पैसे भरायला कोणताही दंड लागत नाही, हा नियम जुना आहे, तरी लोकांना वाटते पेनल्टी पडेल.

तुमच्या 20 वर्षंवाल्या लोनमध्ये पहिल्या वर्षाच्या शेवटी 1 लाख रुपये मुद्दलात टाकले तर 26 हप्ते कमी होतात, म्हणजे तो 1 लाख जाऊनही साडेतीन लाख वाचतात. तोच 1 लाख पंधराव्या वर्षाच्या शेवटी टाकला तर कमी होतात आठ-साडेआठ हप्ते आणि वाचतात 48-49 हजार. तीच नोट, तेच गांधीजी! दरवर्षी फक्त एक हप्ता जास्त, 12 ऐवजी 13 भरले, तरी 20 वर्षांचं लोन साधारण तीन वर्षं चार महिने आधी संपते आणि चार लाखांच्या आसपास वाचतात. तुम्हाला ते जमण्यासारखं आहे, कारण घरी वडिलांचं वावर आहे. कापसाचा चुकारा आला, तूर विकली, त्यातला सतरा हजारांचा वाटा मार्चच्या आत लोनमध्ये. महागाई भत्त्याचा फरक मिळाला तर तो, वेतनवाढीचा एरिअर्स आला तर तो. पण भरताना शाखेत अर्ज द्या आणि त्यात स्पष्ट लिहा, "ही रक्कम मुद्दलात जमा करावी, हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी." नाहीतर काही ठिकाणी ती रक्कम पुढचे हप्ते आगाऊ म्हणून पडून राहते किंवा सिस्टीम हप्ता कमी करून देते. आठ दिवसांनी स्टेटमेंट काढून बघा, मुद्दल खरंच उतरलं का.

काही जण म्हणतील मग 30 वर्षांचं घ्या आणि जास्त भरत जा, अडचणीच्या महिन्यात छोटा हप्ता सोयीचा. कागदावर हे एकदम बरोबर आहे. मी शंभरातले किती लोकं असं करताना पाहिले म्हणाल तर बोटावर मोजण्याएवढे. मनाचा हप्ता कोणी भरत नाही, बँकेचा भरतात. बहिणीचं लग्न निघते, बोअर आटते, बियाणं उधारीवर नको म्हणून पैसे तिकडं जातात. म्हणून तुमच्या पगारात 20 वर्षं बसत असेल तर 20च घ्या.

आता वडिलांच्या बाजूनं, आणि थोडं त्यांच्या विरोधात. वावर विकून घर बांधू नका. वावर परत घेता येत नाही, आणि साडेआठ टक्क्याचं कर्ज म्हणजे सावकाराचं कर्ज नव्हे. वडिलांच्या डोक्यात गहाण म्हणजे 1972 च्या दुष्काळाच्या आसपासचं गहाण असेल, त्यांचं काही चुकलं नाही. शिवाय 41 लाख हा आकडा ऐकून छातीत धस्स होते पण ते 41 लाख आजचे नाहीत, 20 वर्षांत पसरलेले आहेत. माझा 2004 मध्ये हप्ता होता 4,100, पगाराचा तिसरा हिस्सा जायचा, बायको महिन्याच्या शेवटी डाळ पातळ करायची. शेवटी शेवटी तेवढ्यात किराण्याची अर्धी यादीपण येत नव्हती. तुमचा पगार वाढेल, हप्ता तोच राहील, हा कर्जदाराच्या बाजूचा फायदा आहे आणि नुसत्या व्याजाच्या बेरजेनं घाबरवणारे लोकं तो सांगत नाहीत. फक्त सुरुवातीची पाच-सात वर्षं जड असतात, त्या काळासाठी सहा हप्त्यांएवढी रक्कम एफडीत बाजूला ठेवा, आणि ती मोडून लोन फेडायचा शहाणपणा करू नका.

पण एक गोष्ट वडिलांना समजावून सांगाच. पीककर्जात आपल्याला सवय पडली आहे, तीन लाखांपर्यंत वेळेवर भरलं तर पंजाबराव देशमुख योजनेत व्याज शून्य, आणि नाही भरलं तर माफी येईल, 2008 ला आली, 2017 ला आली, 2019 ला आली. घराच्या लोनला माफी नसते. तीन महिने थकले की खातं एनपीए (थकीत), मग सरफेसी कायद्याची (बँकेला कोर्टात न जाता गहाण घर ताब्यात घेऊ देणारा कायदा) 60 दिवसांची नोटीस, आणि घरावर कागद चिकटतो. शेतजमिनीला तो कायदा लागत नाही, घराला लागतो. गावात दोघा-तिघांचं असं झालेलं मी पाहिलंय, ते हप्ता जवळ असूनही थांबले होते, निवडणूक आहे म्हणून.

तुमचा पगार कधी 1 ला होतो कधी 10-12 ला, हे मला शिक्षकांच्या खात्यांवरून माहीत आहे, तेव्हा हप्त्याची तारीख 5 ठेवू नका, 15 मागून घ्या. बाऊन्सचा चार्ज दोन्हीकडून लागतो आणि सिबिल (कर्जफेडीचा स्कोअर) खराब होते ते वेगळंच.

टॅक्सचं थोडक्यात सांगतो. व्याजावर 2 लाखांची सूट, मुद्दलावर 80सी म्हणून ओळखली जाणारी सूट, हे सगळं टॅक्सच्या जुन्या पद्धतीत. नव्या पद्धतीत राहत्या घराला ते मिळत नाही, आणि 2025-26 पासून पगारदाराला नव्या पद्धतीत पावणेतेरा लाखांपर्यंत तसाही टॅक्स शून्य आहे. तुमचं उत्पन्न त्याच्या आत असेल तर टॅक्स वाचतो म्हणून लोन ठेवा, हे बोलणं विसरा.

आणि शेवटी लोन फिटल्यावरचं काम. पूर्ण भरणा झाल्यावर 30 दिवसांत बँकेनं मूळ कागद परत द्यायला पाहिजे, त्यांच्यामुळं उशीर झाला तर दिवसाला 5,000 रुपये तुम्हाला द्यायचे असा रिझर्व्ह बँकेचा नियम आहे, 1 डिसेंबर 2023 पासून. नो ड्यूज (काही बाकी नाही असा दाखला) घेताना कागदांची यादी जुन्या पावतीशी ताडून घ्या. ते घेऊन लगेच तलाठ्याकडे जा आणि सातबाऱ्याच्या इतर हक्कातला बोजा (बँकेच्या कर्जाची नोंद) कमी करून घ्या. पुसदला माझ्याकडं एक पोरगा आला होता, बापाचं लोन फिटून अकरा वर्षं झालेली, बाप वारलेला, वाटणीच्या वेळी उताऱ्यावर बोजा तसाच. आमच्या रेकॉर्डमध्ये ते खातं सापडायला चार महिने लागले, शाखा मध्ये एकदा जागा बदलून गेली होती. नो ड्यूजचा कागद शेवटी त्याच्या आईनं काढून दिला, देव्हाऱ्याखालच्या पेटीत गुंडाळून ठेवला होता, हळद लागलेला.